गाणी गाळलेल्या शर्यती

‘रोड रॅश’ खेळलेल्या माणसाला त्यातल्या गाण्यांबद्दल विचारून पाहा. साखळी फिरवून शेजारच्या बाइकस्वाराला आडवं कसं करायचं, ते तो रंगवून सांगेल. पोलिसाच्या हाती लागल्यावर खिशातले डॉलर कसे जायचे तेही सांगेल. पॅसिफिक कोस्ट हायवेवर समोरून येणारी गाडी चुकवताना खुर्चीतल्या खुर्चीत कसे कलायचो, हे तर करूनही दाखवेल. गाण्यांपाशी मात्र बरेच जण अडतात. गाणी होती. १९९४ मध्ये थ्रीडीओ या यंत्रासाठी आणि १९९६ मध्ये विंडोज ९५ च्या पीसीसाठी आलेल्या त्या गेममध्ये साउंडगार्डन, मॉन्स्टर मॅग्नेट, स्वर्व्हड्रायव्हर अशा नावाजलेल्या रॉक बँडची खरीखुरी गाणी होती, चित्रफिती होत्या. आपल्याकडे सायबर कॅफेत, एमएस-सीआयटीच्या क्लासमध्ये, असेंबल केलेल्या घरगुती पीसीवर जो रोड रॅश फिरला, त्यातून हे सगळं बहुधा छाटलेलं असे. उरलेला गेम एका लहानशा फोल्डरमध्ये मावायचा. तो फोल्डर एका हार्ड डिस्कवरून दुसरीवर आणि पुढे पेन ड्राइव्हवरून कुठेही जायचा. त्याला सीडी लागतच नसे.

म्हणूनच तो टिकला. महाराष्ट्रातल्या एका अख्ख्या पिढीच्या आठवणीतली ही शर्यत आपल्या डिस्कपासून तोडलेली होती, आणि तोडली गेल्यामुळेच ती अजून कुठल्या ना कुठल्या लॅपटॉपवर चालते. ज्यांनी पैसे मोजून खोक्यातली अस्सल सीडी आणली, गाणी, फिती आणि माहितीपुस्तिकेसकट गेम घरी नेला, त्यांच्या हातात आज चकचकीत तबकडी आहे आणि खेळायला काही नाही. हे असं का झालं, याचा शोध घेताना मला दिसलं ते असं, की शर्यतीच्या गेमनी त्या काळात डिस्कवर जेवढा भार टाकला तेवढा फार थोड्या प्रकारच्या गेमनी टाकला असेल. त्यामुळे डिस्कचं युग संपल्यावर सर्वांत जास्त पडझडही त्यांचीच झाली.

‘द नीड फॉर स्पीड’ पीसीवर आला तो १९९५ मध्ये. ईए या गेम बनवणाऱ्या कंपनीच्या कॅनडातल्या स्टुडिओनं तो अमेरिकेच्या ‘रोड अँड ट्रॅक’ या मोटारींच्या मासिकाला सोबत घेऊन बनवला होता. गाडी निवडताना तिची चित्रफीत, तिची छायाचित्रं, तिच्या इंजिनाची माहिती सांगणारा आवाज असा सगळा थाट होता. सीडीवर साडेसहाशे एमबी जागा होती. घरच्या पीसीची अख्खी हार्ड डिस्क तेव्हा तेवढी असली तरी पुष्कळ. त्यामुळे गेम हार्ड डिस्कवर ‘इन्स्टॉल’ होई तो नावापुरता. खरा माल सीडीवरच राही आणि खेळताना तिथूनच येई. ड्राइव्हची घरघर हा त्या शर्यतीचाच एक आवाज होता, आणि तो वाढला की पुढचं वळण अडखळणार हे आम्हाला कळत असे.

संगीताची गोष्ट याहून गुंतागुंतीची आहे आणि मला ती फार आवडते. १९९७ चा ‘कार्मागेडन’ किंवा १९९९ चा, रिमोटवरच्या खेळण्यातल्या गाड्यांचा ‘री-व्होल्ट’ घ्या. या डिस्कवर पहिला ट्रॅक संगणकाच्या माहितीचा आणि त्यापुढचे ट्रॅक चक्क गाण्यांच्या सीडीवर असतात तसे. डिस्क साध्या सीडी प्लेअरमध्ये घातली आणि दुसऱ्या ट्रॅकवर गेलं की शर्यतीचं संगीत दिवाणखान्यात वाजायचं. गेम चालू असताना प्रोग्रॅम ड्राइव्हला एवढंच सांगे, की अमुक ट्रॅक वाजव. ड्राइव्ह तो स्वतःच वाजवी, आणि आवाज एका बारीक वायरनं साउंड कार्डकडे जाई. असेंबल करणाऱ्यानं ती वायर जोडली नसेल तर इंजिनाचा, टायरचा, टकरीचा आवाज सगळा यायचा, फक्त संगीत नाही. गेममध्ये संगीत आहे हेच अशा घरातल्या मुलांना कधी कळलं नाही.

याच रचनेनं पुढे घात केला. ही गाणी फाइल म्हणून डिस्कवर नसतातच. विंडोजमध्ये डिस्क उघडली की ‘ट्रॅक०२.सीडीए’ अशी नावं दिसतात. प्रत्येक फाइल फक्त ४४ बाइटची असते. ते गाणं नव्हे, गाणं डिस्कवर कुठून सुरू होतं याची चिठ्ठी. अनेकांनी या चिठ्ठ्या जपून हार्ड डिस्कवर उतरवून घेतल्या आणि डिस्क मित्राला देऊन टाकली. ज्यांनी डिस्कची ‘आयएसओ’ प्रत काढली, त्यांच्याही हाती फक्त माहितीचा पहिला ट्रॅक आला, कारण त्या प्रकारात गाण्यांचे ट्रॅक बसतच नाहीत. त्यासाठी ‘बिन’ आणि ‘क्यू’ अशी जोडफाइल लागते. पुढच्या काळातल्या ड्राइव्हना ती बारीक वायर लावायची जागाच राहिली नाही. म्हणजे डिस्क जशीच्या तशी शाबूत, गेमही चालतो, आणि तरी शर्यत मुकी.

आता खुद्द तबकडीकडे. सीडी म्हणजे १.२ मिलिमीटर जाडीचं पॉलिकार्बोनेट. त्याच्या पाठीवर सूक्ष्म खळग्यांची एकच अखंड सर्पिल रेषा, आतून बाहेर जाणारी, शेजारच्या दोन वेढ्यांत फक्त १.६ मायक्रॉन अंतर. त्यावर ॲल्युमिनियमचा पातळ थर, त्यावर लाखेचा लेप, त्यावर छपाई. खालच्या चकचकीत बाजूनं ७८० नॅनोमीटरचा लेझर प्लास्टिकमधून आरपार जाऊन हे खळगे वाचतो. आपण सगळ्यांनी लहानपणापासून चकचकीत बाजू जपली आणि छापील बाजू टेबलावर घासू दिली. करायला हवं होतं उलट. खालच्या बाजूला जवळजवळ सव्वा मिलिमीटरचं चिलखत आहे, तिथला ओरखडा पुष्कळदा घासून काढता येतो. छापील बाजूला माहितीवर फक्त लाखेची साय आहे. तिथे खिळ्याचं टोक लागलं किंवा चिकटवलेलं लेबल ओढून काढलं, की ॲल्युमिनियमच निघून येतं आणि त्याखालची माहिती कायमची जाते. टूथपेस्ट, केळीचं साल, शर्टाची कड हे सगळे घरगुती उपाय खालच्या बाजूचे. वरची बाजू गेली की उपाय नाही.

पुसण्याची तऱ्हाही आपली चुकीची. गोल गोल पुसलं की पडणारा ओरखडा सर्पिल रेषेच्या दिशेनं जातो. एकाच रेषेवरची माहिती सलग नासते. सीडीत चुका सुधारण्याची जी गणिती व्यवस्था आहे ती माहितीचे तुकडे दूरदूर विखरून ठेवते, त्यामुळे रेषेवरचा सुमारे अडीच मिलिमीटर लांबीचा तुटवडाही ती भरून काढू शकते. त्यापुढे हात टेकते. मधून बाहेर सरळ पुसलं, तर ओरखडा प्रत्येक वेढ्याला थोडाथोडाच छेदतो आणि सगळं वाचतं. गाण्याच्या सीडीत काही सापडलं नाही, तर यंत्र आजूबाजूच्या सुरांवरून अंदाजानं मधली जागा भरतं, कानाला कळतही नाही. प्रोग्रॅममध्ये अंदाज चालत नाही. तिथे ड्राइव्ह पुन्हा वाचतो, वेग कमी करतो, पुन्हा वाचतो. तेवढ्यात तुमची फेरारी वळणाच्या मध्यावर गोठलेली असते.

प्लास्टिक आपोआपही मरतं, पण समजूत आहे तेवढ्या लवकर नाही. इंग्लंडमधल्या ब्लॅकबर्न इथल्या कारखान्यात ऐंशीच्या दशकाअखेर आणि नव्वदीच्या सुरुवातीला छापलेल्या काही गाण्यांच्या सीडी कडेपासून तांबूस होत गेल्या. लेप कमअस्सल होता आणि वेष्टनाच्या कागदातलं गंधक आत शिरत होतं. २००१ मध्ये स्पॅनिश संशोधकांनी मध्य अमेरिकेतल्या बेलीझहून आलेल्या एका सीडीत बुरशी सापडल्याचं नोंदवलं. दमट, उष्ण हवेत ती कडेनं आत शिरून थर खात गेली होती. कोकणात किंवा गोव्यात ज्यांचं कपाट पावसाळाभर ओल धरतं, त्यांनी ही नोंद लक्षात ठेवावी. तरीही कारखान्यात ठशानं छापलेली डिस्क साधारण दणकट असते. खरी नाजूक ती राइटरवर ‘बर्न’ केलेली. तिच्यात खळगे नसतात. रंगद्रव्याच्या थरावर लेझरनं डाग पाडलेले असतात आणि ऊन, उष्णता, दमटपणा यांनी तो रंग उडतो. मुंबईत लॅमिंग्टन रोडवर किंवा पुण्यात तपकीर गल्लीत पारदर्शक पाकिटात मार्करनं नाव लिहून ज्या विकत मिळत, त्यांतल्या पुष्कळशा याच जातीच्या. या लेखाच्या निमित्तानं मी स्वतःच्या आणि मित्रांच्या डिस्क बाहेर काढून एक एक वाचून पाहिली. छापलेल्या बहुतेक सगळ्या शेवटपर्यंत वाचल्या गेल्या. बर्न केलेल्या बऱ्याच नुसत्या फिरत राहिल्या.

मग वाचल्या गेलेल्या डिस्कमधले गेम तरी चालले का? अनेक चालले नाहीत, आणि त्याला ओरखडे जबाबदार नव्हते.

पहिला अडथळा अगदी दारात. त्या काळातल्या कित्येक गेमचा मुख्य प्रोग्रॅम ३२ बिटचा होता, पण तो बसवणारा इन्स्टॉलर अजून जुन्या १६ बिट पद्धतीचा. ६४ बिटचं विंडोज १६ बिट प्रोग्रॅम चालवतच नाही. त्यामुळे चालू शकला असता असा गेम बसतच नाही.

दुसरा अडथळा कुलपाचा. १९९८ च्या सुमारास ‘सेफडिस्क’ नावाची व्यवस्था आली. ‘सिक्युरॉम’ आणि पुढे रशियातलं ‘स्टारफोर्स’ ही तिची भावंडं. कल्पना मोठी हुशारीची होती. अस्सल डिस्क छापतानाच तिच्यात काही जागा मुद्दाम सदोष ठेवायच्या. पुढच्या आवृत्त्यांत खळग्यांची अशी रचना वापरली, की घरगुती राइटरला तिची अचूक नक्कल जमू नये. गेम सुरू होताना आधी हे दोष जागेवर आहेत का ते तपासायचं. दोष दिसले नाहीत, तर ती डिस्क नक्कल. म्हणून सीडी ड्राइव्हमध्ये असल्याशिवाय गेम उघडत नसे, मग सगळी माहिती हार्ड डिस्कवर का असेना. ‘नीड फॉर स्पीड’च्या दोन हजारनंतरच्या अनेक भागांवर हेच कुलूप होतं. ‘अंडरग्राउंड’ आणि ‘अंडरग्राउंड २’ दोन-दोन सीडींवर आले, त्यामुळे कुठली आत ठेवायची हाही रोजचा प्रश्न. रोज घालायची-काढायची म्हणजे रोज घासायची. डिस्क जपण्याचा सर्वांत चांगला मार्ग, ती खोक्यात ठेवणं, कुलपानं बंद केला होता.

हे कुलूप चालण्यासाठी विंडोजच्या अगदी गाभ्यात ‘सेकड्राइव्ह’ नावाचा ड्रायव्हर बसलेला असे. इतक्या आत बसलेल्या वस्तूत खोट असली की अख्खा संगणक धोक्यात येतो. २००७ मध्ये त्यात तशी खोट सापडली, मायक्रोसॉफ्टला दुरुस्ती काढावी लागली. २०१५ मध्ये विंडोज १० आलं ते या ड्रायव्हरला वगळूनच, आणि त्याच वर्षी जुन्या विंडोजमध्येही एका सुरक्षा-अपडेटनं तो बंद केला. सुरक्षेच्या दृष्टीनं ते योग्यच होतं. पण त्या वर्षी जगभरातल्या असंख्य अस्सल डिस्क, एकही ओरखडा नसलेल्या, निरुपयोगी झाल्या. चोरीच्या प्रतीतलं कुलूप आधीच काढलेलं असल्यामुळे ती चालत राहिली. ज्यानं पैसे दिले त्याच्याच तोंडावर दार बंद झालं, ही मला या सगळ्या विषयातली सर्वांत अन्यायाची गोष्ट वाटते. त्या ग्राहकाला पैसे परत मिळाले नाहीत, किल्लीही मिळाली नाही.

जुना गेम नव्यानं विकत घ्यावा म्हटलं, तर शर्यतीच्या गेमची आणखी एक अडचण पुढे येते. तलवार आणि ड्रॅगनच्या गेमला कुणाची परवानगी लागत नाही. शर्यतीच्या गेमला पोर्शची लागते. साउंडगार्डनचीही लागते. गाडीचं नाव, तिचा आकार, तिचं चिन्ह, पार्श्वसंगीत हे सगळं ठरावीक मुदतीच्या करारानं घेतलेलं असतं. २००० सालचा ‘पोर्श अनलीश्ड’ हा माझ्या मते ‘नीड फॉर स्पीड’ मालिकेतला सर्वांत प्रेमानं केलेला भाग. पन्नासच्या दशकातल्या ३५६ पासून सुरू करून एकाच कंपनीच्या गाड्यांमधून अर्धशतकाचा प्रवास करायचा, जुनी गाडी विकत घ्यायची, दुरुस्त करायची, तिचं वजन आणि मागे बसवलेलं इंजिन ओळखून वळण घ्यायचं. आज तो अधिकृत डिजिटल दुकानात मिळत नाही. २०२१ च्या ३१ मे रोजी ईएनं याच मालिकेतले ‘कार्बन’, ‘अंडरकव्हर’, ‘शिफ्ट’, ‘शिफ्ट २’ आणि ‘द रन’ विक्रीतून काढून घेतले. २०२३ मध्ये अमेरिकेच्या व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशननं केलेल्या अभ्यासात दिसलं, की तिथे २०१० पूर्वी निघालेल्या गेमपैकी ८७ टक्के तेव्हा बाजारात मिळत नव्हते. हा आकडा सर्व प्रकारच्या गेमचा आहे.

परवानगीची झळ कधी गेम निघतानाच लागते. पॅपिरस या अमेरिकी कंपनीचा १९९८ चा ‘ग्रां प्री लेजेंड्स’ १९६७ सालच्या फॉर्म्युला वनवर आधारलेला. पंख नसलेल्या गाड्या, अरुंद टायर, झाडांच्या मधून जाणारा नूरबुर्गरिंग. त्यात होंडा आणि कूपर ही नावं वापरता आली नाहीत, म्हणून ‘मुरासामा’ आणि ‘कॉव्हेंट्री’ अशी नावं घ्यावी लागली. गेम इतका अवघड होता, की पहिल्या संध्याकाळी एक फेरीदेखील सरळ पूर्ण होत नसे. आणि तरीही, किंवा त्यामुळेच, त्याच्या चाहत्यांनी त्याला सोडलं नाही. त्यांनी १९६५ आणि १९६९ च्या हंगामांच्या गाड्या बनवल्या, जुने युरोपियन रस्ते मोजून ट्रॅक उभे केले, सेकंदाला ३६ चित्रांवर अडकलेला गेम ६० वर नेला.

स्मरणरंजन म्हटलं की आपण त्याला हळवं, निष्क्रिय काहीतरी समजतो. या गेमच्या बाबतीत तो समज टिकत नाही. थ्रीडीएफएक्स ही व्हूडू नावाची ग्राफिक्स कार्ड बनवणारी कंपनी बुडाली, तेव्हा तिच्या ‘ग्लाइड’ या भाषेत चित्र काढणारे ‘नीड फॉर स्पीड २ एसई’सारखे गेम अर्धे आंधळे झाले. चाहत्यांनी ‘एनग्लाइड’, ‘डीजीव्हूडू’ असे दुभाषे लिहिले, जे आजच्या ग्राफिक्स कार्डाला ती जुनी भाषा समजावून देतात. ‘री-व्होल्ट’चं इंजिन ‘आरव्हीजीएल’ नावानं पुन्हा बांधलं गेलं, त्यात संगीत साध्या फाइलमधून वाजतं आणि लिनक्सवरही शर्यत लागते. ‘८६बॉक्स’सारख्या प्रोग्रॅममध्ये तर विंडोज ९५, जुना प्रोसेसर, व्हूडू कार्ड, सीडी ड्राइव्ह असा अख्खा जुना पीसी नव्या संगणकाच्या आत जिवंत होतो. हे सगळं रात्री जागून, पगाराविना, बहुधा कुठलंही नाव न मिळवता केलेलं काम आहे. पोलंडच्या सीडी प्रोजेक्टनं २००८ मध्ये ‘जीओजी’ हे जुन्या गेमचं दुकान सुरू केलं. तिथे ‘कार्मागेडन’, ‘स्क्रीमर’, ‘री-व्होल्ट’ कुलपाशिवाय विकत मिळतात. तिथे मिळत असेल तो गेम तिथूनच घ्यावा, असं मी आग्रहानं म्हणेन.

जे मिळत नाही त्याचं काय? आपला १९५७ चा कॉपीराइट कायदा याबाबतीत वाटतो त्यापेक्षा समंजस आहे. कायदेशीररीत्या हाती आलेल्या प्रोग्रॅमची, नाश किंवा नुकसानीपासून बचाव म्हणून, राखीव प्रत काढायला कलम ५२ मुभा देतं. २०१२ मध्ये आलेलं कलम ६५अ कुलूप तोडण्याला शिक्षा सांगतं, पण हक्कभंगाच्या हेतूनं तोडलं तर. स्वतःच्या कपाटातल्या अस्सल डिस्कची प्रत स्वतःसाठी काढणारा माणूस चोर नाही. दुसऱ्या बाजूनं, सार्वजनिक जपणुकीची सोय मात्र जवळजवळ नाही. १९५४ च्या कायद्यानं पुस्तकाची प्रत कोलकात्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयाला आणि आणखी तीन ग्रंथालयांना द्यावी लागते, मुंबईचं सेंट्रल लायब्ररी त्यांतलं एक. गेमच्या सीडीला त्या कायद्यात जागा नाही. ‘चिप’ आणि ‘डिजिट’ या मासिकांसोबत येणाऱ्या सीडींनाही नाही. त्या डिस्कवर डेमो असत, पॅच असत, ड्रायव्हर असत. ५६ केबीपीएसच्या डायल-अपवर शंभर एमबीचा डेमो पूर्ण वेगानं उतरला तरी चार तासांवर लागत आणि फोनचं बिल वेगळं. लहान गावात बसून नवी शर्यत पाहायची तर ती मासिकाच्या डिस्कमधूनच. भारतात गेम कसे पोचले याचा तो खरा दप्तरखाना, आणि रद्दीवाल्याकडे मासिक गेलं की डिस्क कचऱ्यात गेली.

म्हणून ज्यांच्या माळ्यावर अजून ते खोकं आहे, त्यांनी दिवाळीच्या आवराआवरीत ते टाकू नये. यूएसबीला लावायचा डीव्हीडी राइटर अजून कुठल्याही मोठ्या संगणक-दुकानात मिळतो. डिस्क मऊ कापडानं मधून बाहेर पुसावी, वाचताना वेग कमीत कमी ठेवावा. गाण्यांचे ट्रॅक असतील, तर आयएसओच्या फंदात न पडता ‘बिन-क्यू’ प्रत घ्यावी. बर्न केलेल्या डिस्क आधी, छापलेल्या नंतर, कारण पहिल्यांना वेळ कमी आहे. सोबतची पुस्तिका आणि तिच्यावरचा सीडी-की स्कॅन करावा. आणि चकचकीत बाजूला, मधल्या भोकाभोवतीच्या पारदर्शक कड्यालगत बारीक अक्षरांत कोरलेला क्रमांक वाचून लिहून ठेवावा. एकाच गेमच्या वेगवेगळ्या छपाया असतात, कधी आतला प्रोग्रॅमही वेगळा असतो. खोक्यावरच्या चित्रावरून ते ओळखू येत नाही, त्या क्रमांकावरून येतं.